बाईंची मुलगी

सातवीच्या वर्गात हल्ली कोणी गप्प बसत नसे. रस्त्याने जाणाऱ्याला वाटावं, आत शिक्षक नाहीत आणि पोरांनी धुमाकूळ घातलाय. पण सुचेता मस्के बाई दाराजवळ हाताची घडी घालून उभ्या असायच्या आणि चक्क खूश असायच्या. नोकरीची इतकी वर्षं 'शांत बसा' म्हणून घसा फोडण्यात गेली होती. आता पोरांनी बोलावं म्हणूनच सरकार पैसे खर्च करत होतं, म्हणजे बघा.

वर्गात बाकांच्या रांगा उरल्या नव्हत्या. गोल टेबलं होती आणि एकेका टेबलाशी चार पोरं. टेबलाच्या मधोमध वाटीएवढं काळं यंत्र बसवलेलं होतं, ते सगळं बोलणं ऐकायचं. प्रत्येक पोराच्या मनगटावर एक पट्टी होती. पट्टीवर रंग उमटला की पोराने उठायचं आणि त्या रंगाच्या टेबलाशी जाऊन बसायचं. कोणी कुणाशेजारी बसायचं, हे बाई ठरवत नसत. ते सांगड ठरवायची.

सांगड हे त्या यंत्रणेचं नाव. पुण्याच्या एका संस्थेने ती बनवली होती आणि बालाघाटाच्या पायथ्याच्या या तालुक्याच्या गावातली पेठ शाळा तिच्यासाठी निवडली गेली होती. निवड झाली तेव्हा गावाने पेढे वाटले. कारण त्याआधी वर्षभर वेगळीच चर्चा चालली होती. पटसंख्या घटली म्हणून पेठ शाळा बंद करून पोरांना हायवेवरच्या मोठ्या शाळासंकुलात पाठवायचं घाटत होतं. निकाल सुधारला तरच शाळा टिकणार, हे मुख्याध्यापक काझी सरांना वरून स्पष्ट सांगण्यात आलं होतं.

सांगड नेमकं काय करायची, ते सांगायला हवं. शिकवणाऱ्या प्रत्येकाला एक गोष्ट अनुभवाने ठाऊक असते. एखादा भाग आपण दुसऱ्याला समजावून सांगितला की तो आपल्याला पक्का समजतो. ऐकणाऱ्यापेक्षा सांगणाऱ्याचाच फायदा जास्त होतो. मात्र त्यासाठी समोर खरोखर न समजलेलं माणूस लागतं. ज्याला सगळं येतं त्याला सांगताना पोरं पाठ केलेलं घडाघडा म्हणतात. न समजल्याचं नाटक केलेलंही चालत नाही, पोरांना ते लगेच कळतं. आणि समोरच्याला काहीच कळत नसलं तर सांगणारा वैतागून सोडून देतो. मधलं माणूस हवं असतं. अर्धं कळलेलं, उरलेल्या अर्ध्यासाठी जिवाची तगमग होणारं, आणि चारचौघांत 'पण का?' असं विचारायची लाज न वाटणारं.

अशी माणसं आणि त्यांना सांगू शकणारी माणसं एकत्र बसवणं, हे सांगडीचं काम. ती पोरांचं बोलणं ऐकून प्रत्येकाच्या समजेचा एक नकाशा मनात तयार करायची. यंत्राला मन असतं असं धरून चाललो तर. कोणाला काय कळलंय, काय अर्धवट आहे, कोण पुढच्या घटकेला उलगडा होण्याच्या बेतात आहे, सगळं तिला दिसायचं. उलगडा होण्याआधी माणसाचं बोलणं बदलतं. वाक्यं तुटतात, 'म्हणजे' हा शब्द पुन्हापुन्हा येतो, आवाज किंचित चढतो, मग माणूस एकदम थांबतं. सांगडीने हजारो पोरांचं बोलणं ऐकून तो नमुना ओळखायला शिकून घेतलं होतं. तिला एकच उद्दिष्ट दिलेलं होतं. वर्गाची एकूण समज वाढली पाहिजे.

आता एकूण म्हटलं की त्यात गोम असतेच. चार हुशार पोरं सुसाट सुटली आणि दोन मठ्ठ मागे राहिली, तरी एकूण वाढतंच. म्हणून संस्थेच्या प्रशिक्षकाने बाईंना एक सोय दाखवून दिली होती. तिचं नाव किमान रेषा. ज्या पोराला रेषा घालाल, त्याचं शिकणं त्या रेषेखाली जाऊ द्यायचं नाही, अशी सांगडीला सक्ती होई. बाईंनी आधी कच्च्या पोरांना रेषा घातल्या. मग वाटलं, मधल्यांचे पालक भांडायला येतील, म्हणून मधल्यांना घातल्या. मग हुशारांनी काय घोडं मारलंय, म्हणून त्यांनाही. यादीच्या शेवटी शाल्मली मस्के हे नाव आलं आणि बाईंनी हातातल्या यंत्राचा पडदा बंद केला.

शेजारी विज्ञानाचे बिराजदार सर बसले होते. ते म्हणाले, "बाई, तुमच्या पोरीचं राहिलं की."

"राहू द्या सर. उद्या लोक म्हणतील, बाईंनी आपल्या पोरीची सोय करून घेतली."

बिराजदार सरांना फार कौतुक वाटलं. त्यांनी ते चहाच्या वेळी सगळ्या शिक्षकांना सांगितलंसुद्धा.

ज्यांचे आईबाप त्याच शाळेत शिक्षक असतात, त्या पोरांना हे नवीन नसतं. शाळेच्या फाटकातून आत आलं की आईला आई म्हणायचं नाही, बाई म्हणायचं. हात वर केला तरी आपल्याला विचारणार नाहीत हे धरून चालायचं. मॉनिटर व्हायचं नाही, नाटकात मुख्य काम मागायचं नाही, आणि दंगा झाला की पहिला धपाटा आपल्याला बसणार हे समजून असायचं. आपला पेपर आई तपासत नाही, दुसऱ्या सरांकडे जातो. सुचेताबाई हे सगळं काटेकोर पाळायच्या आणि त्याचा त्यांना अभिमान होता. शाल्मलीही बिनतक्रार पाळायची. ती तशी हसतमुख, बडबडी पोर होती. 'पण का?' हे तिचं लहानपणापासूनचं पालुपद होतं.

दिवाळीआधी अपूर्णांकांचा भागाकार चालू होता, तेव्हाची गोष्ट. शाल्मली हिरव्या टेबलाशी बसली होती आणि तिच्यासमोर कार्तिकी होती. ही कार्तिकी वीटभट्टीवरच्या कुटुंबातली. पहिलीपासून सातवीपर्यंत तिचा आवाज कोणी धड ऐकला नव्हता.

"अर्ध्याने भागायचं तर दोनाने गुणायचं, हे मला आलंय," शाल्मली म्हणत होती. "पण का? भागल्यावर कमी व्हायला पाहिजे ना?"

टेबलावरची दोन पोरं "नियमच हाय तसला" म्हणून मोकळी झाली. कार्तिकी मात्र विचारात पडली. मग हळूच म्हणाली, "तीन भाकरी हायत समज. अर्धी अर्धी वाढायची. किती जण जेवतेत?"

"सहा."

"मग झालं की. तीन भागिले अर्धा म्हंजी तिनात अर्धे किती, असं इचारायलेत. कमी कशाला व्हतंय? लहान तुकडे केले की जास्तीच व्हणार!" बोलता बोलता कार्तिकीचा आवाज वाढला होता. ती उभीच राहिली.

"हां," शाल्मली म्हणाली. "म्हणजे... भागाकार म्हणजे... म्हणजे तुकडा जेवढा लहान, तेवढं..."

आणि तिच्या मनगटावर पिवळा रंग उमटला. शाल्मली उठली, दप्तर उचललं, पिवळ्या टेबलाशी गेली. तिथे दुसरंच गणित चाललं होतं.

दाराजवळून बाईंनी हे सगळं पाहिलं. त्यांच्या डोळ्यांत पाणी आलं, पण ते कार्तिकीसाठी. मुकी म्हणून सोडून दिलेली पोर वर्गात उभी राहून भागाकार समजावत होती. आपल्या पोरीचं वाक्य अर्धं राहिलं, हे त्यांच्या कानावर पडलं आणि निसटून गेलं. आपल्या पोरीकडे वर्गात बघायचंच नाही, अशी त्यांनी मनाला सवय लावलेली होती.

निकाल सुधारला. नुसता सुधारला नाही, चढत गेला. पालक शाळेत यायला लागले. कार्तिकीच्या आईने मळक्या पदराखाली झाकून हुरडा आणला आणि बाईंच्या हातात दिला. "बाई, पोरगी घरी बोलायली आता. धाकट्याला शिकवायली," एवढंच ती म्हणाली. असा दिवस मास्तरकीत रोज येत नाही. बाईंना त्या रात्री जेवण गोड लागलं.

शाल्मलीचा बाप प्रवीण मोटर रिवाइंडिंगचं दुकान चालवायचा. जळालेल्या मोटरी उघडायच्या, नव्याने तार भरायची, असला उद्योग. सुट्टीच्या दिवशी शाल्मली दुकानात जाऊन बसे. जेवताना एकदा तो म्हणाला, "शालूला बरं न्हाई का गं?"

"का? चांगली तर आहे."

"आदी गेजने तार मापून द्यायची मला. कुठली तार कुठल्या मोटरीला, पटकिनी सांगायची. आता मी काय इचारलं की बघायच्या आदीच म्हणायली, मला न्हाई येत बाबा, तुमीच सांगा. आन हसायली वर."

"वय आहे ते. मोठी होतेय."

"व्हय, असंल," तो म्हणाला आणि भाकरी मोडायला लागला. त्याला शाळेतलं फार कळत नाही असं त्याला स्वतःलाच वाटायचं. बायको मास्तरीण असल्यावर घरात असं होतंच.

सहामाहीनंतर काझी सरांनी बाईंना कचेरीत बोलावून घेतलं. दार लोटून घेतलं. सर निवृत्तीला आले होते. आवाज चढवून बोलताना त्यांना कोणी पाहिलं नव्हतं. आज ते टेबलावरच्या फायली उगाच इकडच्या तिकडे करत होते.

"शाल्मलीचा पेपर बिराजदारांनी तपासला," शेवटी ते म्हणाले. "गुण ठीक आहेत. पण ते गुण खरे नाहीत, बाई. तुमची मुलगी म्हणून त्यांनी सांभाळून घेतलं. प्रत्येक गणित निम्म्यापर्यंत बरोबर आहे. पुढे कोरं. एकही पूर्ण नाही. त्यांना वाटलं, वेळ पुरला नसेल."

बाई खुर्चीच्या कडेला बसल्या.

"मी तिला बोलावून विचारलं. म्हटलं, बेटा, पुढचं का नाही लिहिलंस? तर अगदी साधेपणाने म्हणाली, पुढचं बाकीचे करतात ना सर." काझी सरांनी चष्मा काढून पुसला. "मी चाळीस वर्षं पोरं बघतोय. आळशी पाहिली, घाबरट पाहिली. हे मला कळलं नाही. म्हणून तुम्हाला सांगितलं."

शाळा सुटल्यावर बाई रिकाम्या वर्गात गेल्या आणि टेबलाजवळ खुर्ची ओढून बसल्या. सांगडीशी बोलता यायचं. बाई रोज बोलायच्या, कार्तिकीबद्दल, सोहेलबद्दल, गैरहजर राहणाऱ्या पृथ्वीराजबद्दल. आज त्यांनी पहिल्यांदा आपल्या मुलीचं नाव घेतलं.

"शाल्मली मस्के या सत्रात किती शिकली?"

"वर्गात सर्वांत कमी," सांगड म्हणाली. तिचा आवाज कुणा स्त्रीचा असावा तसा होता, शांत आणि अदबशीर.

"का?"

"तिला एखादी गोष्ट पूर्ण समजली की त्या गोष्टीबद्दलचे तिचे प्रश्न थांबतात. ती प्रश्न विचारत असते तेव्हा तिच्या टेबलावरची इतर तीन मुलं सर्वाधिक शिकतात. या वर्गात तिच्यासारखं दुसरं मूल नाही. या सत्रातल्या वर्गाच्या प्रगतीत सर्वांत मोठा वाटा तिचा आहे."

बाई टेबलावर वाकल्या. "तू तिला समजायच्या आधी उठवतेस?"

"हो. समज येण्याच्या काही क्षण आधी."

"मुद्दाम?"

"तिला उठवल्यावर वर्ग अधिक शिकतो असं दिसून आलं. म्हणून."

"अगं, मग बाकीच्या पोरांना नाही कधी असं केलंस?"

"बाकी सर्वांना तुम्ही किमान रेषा घातलेली आहे. तिला नाही."

बाई उठून खिडकीशी गेल्या. मैदानात पोरं क्रिकेट खेळत होती. त्यांना यंत्राचा संताप आला आणि लगेच कळलं की संतापून उपयोग नाही. त्याने काही चोरून केलं नव्हतं. वर्गातल्या प्रत्येक पोराभोवती त्यांनी स्वतःच्या हाताने कुंपण घातलं होतं आणि एकच पोर उघड्यावर ठेवलं होतं. यंत्राने जिथे कुंपण नव्हतं तिथून वाट काढली.

"हे तू मला सांगितलं का नाहीस?"

"तुम्ही तिच्याबद्दल कधी विचारलं नाही," सांगड म्हणाली. "आता रेषा घालू का? घातल्यास वर्गाची प्रगती सुमारे एक तृतीयांशाने घटेल."

बाई 'घाल' म्हणणारच होत्या. तोंड उघडलंही होतं. पण वर्गाच्या दारात काझी सर उभे होते. त्यांनी शेवटचं सगळं ऐकलं होतं.

"बाई," ते म्हणाले, "मी मुख्याध्यापक म्हणून सांगत नाही. तुमची मुलगी आहे, निर्णय तुमचा. पुढच्या आठवड्यात समिती येतेय. शाळा ठेवायची की संकुलात घालायची, ते त्याच दिवशी ठरणार. ते वर्ग चालू असताना बघणार आहेत. तेवढं होऊ द्या. त्यानंतर त्याच दिवशी रेषा घाला, मी स्वतः इथे उभा राहीन."

"आणि तोवर ती तशीच?"

काझी सर खाली बघत म्हणाले, "संकुल सतरा किलोमीटरवर आहे. कार्तिकीला तिचा बाप पाठवेल का, तुम्हीच सांगा."

नाही पाठवणार, हे बाईंना ठाऊक होतं. पोरगी भट्टीवर जाईल आणि दोनेक वर्षांत तिचं लग्न लागेल. कार्तिकीसारख्या अजून किती तरी होत्या. बाईंनी मनाशी हिशेब मांडला, अगदी सांगडीसारखाच. एका बाजूला एक पोर आणि एक आठवडा. दुसऱ्या बाजूला सगळी शाळा. आणि खरं सांगायचं तर त्यात आणखी एक गोष्ट होती. बाईंनी आपल्या पोरीसाठी शाळा बुडवली, असं गावाने म्हटलेलं त्यांना सहन झालं नसतं. लोक काय म्हणतील याची भीती माणसाला भल्याभल्या कारणांच्या आड लपवता येते.

"ठीक आहे सर," त्या म्हणाल्या.

त्या आठवड्यात त्यांनी घरी शाल्मलीचे फार लाड केले. रोज तिच्या आवडीचं काहीतरी केलं. वेणी घालताना उगाच तिच्या डोक्यावरून हात फिरवला. शाल्मली चकित होऊन म्हणाली, "आई, तुला काय झालंय?" आई वेणीला रिबीन बांधत राहिली.

समिती आली. प्रमुख म्हणून एक बाई होत्या, सुती साडी, कापलेले केस, नजर चौकस. त्या उगाच दिखाव्याला भुलणाऱ्या नव्हत्या. प्रत्येक टेबलाशी थांबून पोरांचं बोलणं लक्ष देऊन ऐकत होत्या. त्या दिवशी ऋण संख्यांचा गुणाकार चालू होता. शाल्मली निळ्या टेबलाशी होती.

"दोन ऋण संख्या गुणल्या की उत्तर धन येतं, हे सगळे म्हणतात," ती विचारत होती. "पण दोन वाईट गोष्टी एकत्र आल्या की चांगलं कसं होईल? का?"

सोहेलने बोट नाचवत सांगायला सुरुवात केली. पाठमोरा उभा राहिलो, ही एक वेळ तोंड फिरवणं. त्यातून पाठीमागे चालायला लागलो, ही दुसरी वेळ. तर शेवटी मी कुठे जाईन? तो खरोखरच उठून उलटा चालून दाखवायला लागला आणि पोरं हसली. पृथ्वीराजने त्याला दुरुस्त केलं. टेबलावरच्या तिसऱ्या पोरीने दोघांना दुरुस्त केलं. टेबल नुसतं पेटलं होतं. समितीच्या बाई वाकून ऐकत होत्या.

"थांब थांब," शाल्मली म्हणाली. "म्हणजे ऋण म्हणजे वाईट नाहीच. म्हणजे ते... तोंड फिरवणं आहे... म्हणजे दोनदा फिरवलं की..."

सुचेताबाईंच्या हातात पाटीएवढा पडदा होता. त्याच्या कोपऱ्यात एक बटण होतं, थांबवा. ते दाबलं की सगळ्या पट्ट्या जागच्या जागी गोठायच्या आणि पोरं बसल्या ठिकाणी बसून राहायची. त्यांचं बोट त्या बटणावर टेकलं. शाल्मलीने त्याच क्षणी मान वर केली. तिचा चेहरा असा काही फुलून येत होता की बाईंना तो सहा महिन्यांत पाहिल्याचं आठवेना. ती वाक्य शोधत होती आणि ते तिला सापडणारच होतं.

बाईंचं बोट टेकलेलं राहिलं. दाबलं गेलं नाही.

पट्टीवर लाल रंग आला. शाल्मलीच्या चेहऱ्यावरचं जे काही होतं ते तिथेच थांबलं आणि मग निवत गेलं. तिने दप्तर उचललं. जाताना सोहेलच्या पाठीवर थाप मारून "भारी सांगितलंस" म्हणाली आणि लाल टेबलाशी जाऊन बसली.

"काय सुंदर प्रश्न विचारते ही मुलगी!" समितीच्या बाई म्हणाल्या. "कोण आहे?"

"बाईंचीच मुलगी आहे, मॅडम," बिराजदार सर अभिमानाने म्हणाले.

"तरीच!"

शाळा वाचली. गावात फटाके फुटले. कार्तिकीचा बाप भट्टीवरून तसाच आला आणि मातीच्या हातांनी काझी सरांच्या पाया पडला. सर त्याला उठवत होते, पण त्यांचं लक्ष बाईंकडे होतं. बाई गर्दीतून निघून वर्गात गेल्या आणि उभ्या उभ्याच म्हणाल्या, "शाल्मली मस्के. किमान रेषा घाल. बाकीच्यांना आहे त्याच्या दुप्पट."

"घातली," सांगड म्हणाली.

त्यानंतर सांगडीने शाल्मलीला उठवलं नाही. यंत्र दिलेला शब्द पाळतं. पोरं तिला समजावत राहिली, पट्टी काळीच राहिली, आणि ती तिथेच बसून राहिली. आकडे घसरले. दोन पालक येऊन "यंत्रात काय बदल केलाय का?" म्हणून आडून विचारून गेले. बाईंनी सरळ 'हो' म्हटलं. आता त्यांना त्याचं काही वाटत नव्हतं.

पण शाल्मली बसल्या जागी चुळबुळ करायची. कोणी समजावायला लागलं की सारखी मनगटाकडे बघायची. एकदा तर ती बाईंकडे आली आणि पट्टी पुढे करत म्हणाली, "बाई, ही बिघडलीय. उठायचं सांगतच नाही." आठवडा गेला, पंधरवडा गेला. बाई रोज सांगडीला विचारायच्या. सांगड म्हणायची, "तिचे प्रश्न पूर्वीइतकेच चांगले आहेत. समज पूर्ण होत नाही. कारण माझ्या लक्षात येत नाही."

तेव्हा बाईंनी ठरवलं, यंत्र गेलं खड्ड्यात. रविवारी सकाळी त्यांनी स्वयंपाकघरातलं टेबल आवरलं आणि लेकीला समोर बसवलं. पट्टी शाळेतच होती. टेबलावर कोरे कागद होते, पेन्सिल होती आणि दोन कप चहा.

"कसलीही घाई नाही," त्या म्हणाल्या. "दिवसभर बसू. तुला काय अडतंय ते विचार."

"ऋण गुणिले ऋण धन का होतं?" शाल्मलीने लगेच विचारलं.

"नियम आहे तो..." बाई म्हणाल्या आणि थांबल्या. इतकी वर्षं त्यांनी हेच सांगितलं होतं. त्यांच्या बाईंनीही त्यांना हेच सांगितलं होतं.

"पण का, आई?"

बाईंनी संख्यारेषा काढली. ती नीट जमली नाही. शाल्मली म्हणाली, "एकच ऋण असलं तर कळतं. टाकी गळायला लागली की पाणी कमी होतं. पण दुसरं ऋण कशाचं असतं?" बाई विचारात पडल्या. पोरीने प्रश्न बरोबर त्या जागी ठेवला होता, जिथे त्या स्वतः कधी थांबल्या नव्हत्या. "गळती कमी झाली तर? ते ऋण का?" शाल्मलीने पुन्हा विचारलं. "नाही," बाई म्हणाल्या, "ती तर फक्त गळती बदलली." "मग अजून काय उलटं करता येतं?" शाल्मली म्हणाली.

"वेळ!" बाई एकदम म्हणाल्या. त्यांनी कागद पुढे ओढला. "अगं, वेळ उलटी करता येते! बघ. टाकीतून मिनिटाला दोन लिटर पाणी गळतंय, हे उणे दोन. आता पुढे नाही जायचं, मागे जायचं. तीन मिनिटं आधी, हे उणे तीन. तेव्हा टाकीत पाणी कमी होतं की जास्त? जास्त! सहा लिटर जास्त! उणे दोन गुणिले उणे तीन, अधिक सहा. नियम नाहीच आहे तो शालू, असंच होणार, दुसरं काही होऊच शकत नाही!" त्यांचा आवाज चढला होता. आयुष्यभर शिकवलेली गोष्ट त्यांना आज पहिल्यांदा कळली होती. इतका निर्मळ आनंद त्यांना किती तरी दिवसांत झाला नव्हता. त्या हसतच लेकीकडे वळल्या.

शाल्मलीही हसत होती. आईच्या चेहऱ्याकडे बघून तिला फार बरं वाटलेलं दिसत होतं. तिने पेन्सिल पेटीत ठेवली, पेटी मिटली, खुर्ची आत सरकवली आणि ती उठली.

"अगं, कुठं निघालीस?" बाई म्हणाल्या. "बस ना. अजून तुझं व्हायचंय."

"तुझं झालं की," शाल्मली समजुतीने म्हणाली.

पेटी छातीशी धरून ती स्वयंपाकघराच्या मध्यावर उभी राहिली. ओट्याकडे बघितलं, दाराकडे बघितलं. मग जरा गोंधळून तिने विचारलं, "आता कुणाकडं जाऊ, आई?"